सासूबाई म्हणतात, आता मी महालक्ष्म्यांना हात लावणार नाही

अंबाडी | 3 ऑगस्ट 2025, रात्री 11.10

नमस्कार मंडळी. मी इथे बहुतेक वेळ वाचनमात्र असते. आज लिहितेय आणि लांबणार आहे, आधीच सांगून ठेवते.

सासर अमरावतीचं, आम्ही पुण्यात. सासरी उभ्या महालक्ष्म्या असतात (पुण्याकडे ज्यांना गौरी म्हणतात त्या). ज्येष्ठा, कनिष्ठा आणि त्यांची दोन पिल्लं. मुखवटे पितळी, सासऱ्यांच्या आजीच्या काळातले. खाली लोखंडी कोठ्या, त्यांत गहू-तांदूळ भरायचे. वर फुलोरा (टांगलेल्या करंज्या-पापड्या). नैवेद्याला पुरणपोळी, कटाची आमटी, आंबील, सोळा भाज्या, पंचामृत, वडे, भजी. पूजनाच्या दिवशी पन्नास तरी पानं उठतात.

लग्नाला चौदा वर्षं झाली, त्यातली बारा मी तीन दिवस जाऊन राबलेय. मोठ्या जाऊबाई नागपूरहून येतात. आम्ही दोघी म्हणजे वरकामाला. निवडा, चिरा, वाटा, वाढा. पण महालक्ष्म्या उभ्या करणं, साडी नेसवणं, मुखवटे चढवणं, पुरणाचे सोळा दिवे करणं हे सगळं आईंच्याच हातचं. त्यांनी कधी शिकवलं नाही, आणि खरं सांगायचं तर आम्हीही कधी विचारलं नाही.

गेल्या वर्षी जुलैत बाबा गेले. वर्ष पाळायचं म्हणून गेल्या खेपेला बसवल्या नाहीत. आता वर्षश्राद्ध झालं. यंदा 31 ऑगस्टला, रविवारी आवाहन आहे. मी फोनवर सहज विचारलं, आई, आम्ही कधी निघू? तर म्हणाल्या, "या ना केव्हाही. पण मी नाही हात लावत बाप्पा आता. ते सवाष्णीचं काम. तुम्ही दोघी आहात न, पहा तुमचं."

तेव्हापासून घरात फोनाफोनी चाललीय. जाऊबाई म्हणतात, मुखवटे तू पुण्याला ने, माझ्याकडे दोनच खोल्या. मोठे दीर म्हणतात, गुरुजींना विचारू. आमचे हे म्हणतात, आई म्हणेल तसं. आणि आई म्हणतात, तुम्ही म्हणाल तसं! शिवाय पूजन सोमवारी आणि विसर्जन मंगळवारी, म्हणजे दोन दिवस रजा.

माझ्यापुढचा प्रश्न महालक्ष्म्या कुठे बसवायच्या एवढाच असता तर सुटला असता. चाळीस वर्षं ज्या बाईनं हे केलं, तिला "तुम्ही बाजूला बसा" म्हणून आम्ही साड्या नेसवायच्या, हे मला जमेल असं वाटत नाही. तुमच्याकडे असं झालं तेव्हा काय केलंत?

---

सुपातली_मी | 3 ऑगस्ट, रात्री 11.52

पहिली मीच का? बरं.

आम्ही चिपळूणकडचे. आमच्यात तेरड्याची गौर. रानातून तेरडा उपटून आणायचा, मुळांसकट, तीच गौर. मग तिला साडी, दागिने, मुखवटा. आमच्या वाडीत तेरडा आणायला माझी आतेसासू जायची, ती तरुणपणीच विधवा झालेली. कोणी काही बोललं नाही कधी, कारण चांगला तेरडा कुठे फुलतो ते तिलाच माहीत होतं. पण ओवशाची सुपं मात्र तिच्या हातात कधी आली नाहीत. ते मला तेव्हाही खटकायचं.

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी: नव्या सुनेचा पहिला ओवसा गौरी पूर्वा नक्षत्रात (म्हणजे सूर्याच्या, पावसाच्या नक्षत्रात) आल्या तरच होतो. नाही आल्या तर पुढच्या वर्षापर्यंत थांबायचं. मी एक वर्ष थांबले होते. सुपांत फळं, काकडी, सुकामेवा, विड्याची पानं भरून ती गौरीपुढून ओवाळायची आणि मग घरातल्या थोरांना नेऊन द्यायची. ते सुपात साडी नाहीतर पैसे घालतात. पहिल्या ओवशाला माझी जी कमाई झाली ती नवऱ्याला अजून सांगितलेली नाही.

---

दगडी_पाटा | 4 ऑगस्ट, सकाळी 6.20

ताई, मी लातूरकडचा, वय 67. आमच्याकडेही महालक्ष्म्याच म्हणतात आणि घरात तुमच्यासारखाच प्रसंग 1994 मध्ये आला होता. वडील गेले. आई पुढच्या वर्षी मुखवट्यांना शिवेना. माझी बायको तेव्हा सव्वीस वर्षांची. आईनं पाटावर बसून तोंडानं सांगितलं आणि हिनं केलं. तीन-चार वर्षं असं चाललं, मग आईला सांगावंही लागेना.

एक गोष्ट स्पष्ट करतो. कुळाचार चुलीबरोबर जातो. भाऊ एका चुलीचे असतील तर महालक्ष्म्या एकाच जागी. चुली वेगळ्या झाल्या की ज्याला हव्या त्यानं आपल्याकडे उभ्या कराव्यात, त्यात दोष काही नाही. मात्र ज्येष्ठा एकाकडे अन् कनिष्ठा दुसऱ्याकडे असली वाटणी करू नका. मी असली वाटणी प्रत्यक्ष पाहिलेली आहे. भांडण मुळात शेताचं होतं, बहिणी-बहिणी विनाकारण वेगळ्या झाल्या.

आवाहन अनुराधा नक्षत्रावर, पूजन ज्येष्ठावर, विसर्जन मुळावर. यात तारखेला विचारायचं नसतं. म्हणून तर गौरीबरोबर जाणारा गणपती 2023 साली पाचव्या दिवशी गेला, गेल्या वर्षी सहाव्या आणि यंदा सातव्या दिवशी जाईल. रजेचा अर्ज आताच टाका.

---

खवट_खोबरं | 4 ऑगस्ट, सकाळी 9.05

सोळा भाज्या, पन्नास पानं, दोन दिवस बिनपगारी. आणि हे सगळं बायकांनी बायकांसाठी लावून घेतलेलं. बंद करा की एकदाचं. पितळेचे मुखवटे कपाटात ठेवले तर ते काही पोलिसात जाणार नाहीत.

---

सुपातली_मी | 4 ऑगस्ट, सकाळी 9.17

@खवट_खोबरं, आलात? तुमच्याशिवाय सणाच्या धाग्याला फोडणीच बसत नाही.

---

हिशोबनीस | 4 ऑगस्ट, सकाळी 10.40

खवटरावांचा सूर सोडा, पण मुद्दा अगदीच टाकाऊ नाही. "बायकांनी बायकांसाठी" हे मात्र चूक. पन्नास पानांवर बसतात कोण? पहिली पंगत नेहमी पुरुषांची. बायका जेवतात साडेतीनला, तोवर पोळ्या गार आणि भजी मऊ झालेली.

आमच्या घरी (सोलापूर) चार वर्षांपूर्वी बहिणीनं संप केला, तेव्हापासून पुरणाचं खातं माझ्याकडे आहे. अनुभवाचे बोल:

पन्नास माणसांना दोन किलो हरभरा डाळ पुरते, पोळ्या मध्यम असतील आणि पाहुणे खरोखर पाहुणे असतील तर. डाळ आदल्या रात्री भिजत घाला. कुकरमध्ये एकदम सगळी कोंबू नका, दोन वेळा लावा. कट आधी निथळून घ्या, मग गूळ, नाहीतर आमटी गोड होते आणि घरभर बोभाटा होतो. पुरण गरम असतानाच यंत्रातून काढायचं, गार झालं की दंड भरून येतात. मिक्सर हा शेवटचा उपाय, पुरण चिकट होतं.

भाऊजींना आणि तुमच्या यजमानांना एकेक यंत्र द्या. "आई म्हणेल तसं" म्हणणाऱ्या माणसाला आईनं पुरण वाटायला सांगितलं तर तो नाही म्हणू शकत नाही, हे शस्त्र वापरा.

---

अंबाडी | 4 ऑगस्ट, दुपारी 1.30

हिशोबनीस, शेवटची ओळ यांना मोठ्यानं वाचून दाखवली. हसले आणि पाणी प्यायला उठून गेले.

दगडी_पाटा काका, "पाटावर बसून तोंडानं सांगितलं" हे ऐकून जरा धीर आला. पण आमच्या आई सांगतीलच असं नाही. त्यांचा स्वभाव असा की एकदा सोडलं ते सोडलं. वीस वर्षांपूर्वी चहा सोडला तो आजतागायत.

---

पंचगंगेकाठी | 4 ऑगस्ट, रात्री 9.48

ताई, मी कोल्हापूरची. आमच्यात गौर पाणवठ्यावरनं येते. पोरी नटूनथटून डोक्यावर कळशी घेऊन, गाणी म्हणत. पहिल्या दिवशी भाजी-भाकरीचा नैवेद्य, दुसऱ्या दिवशी पुरणपोळी. आणि गौरीच्या मागनं शंकरोबा येतो. बायको माहेरी आली की नवरा दुसऱ्या दिवशी हजर, हे कैलासातसुद्धा चुकलेलं नाही.

पण मला लिहायचंय ते सवाष्णीच्या मुद्द्यावर. आमच्याच जिल्ह्यात, शिरोळ तालुक्यात हेरवाड आहे. मे 2022 मध्ये त्या गावानं ठराव केला की नवरा गेल्यावर बाईचं कुंकू पुसणं, बांगड्या फोडणं, मंगळसूत्र काढणं हे बंद. पाठोपाठ शासनानं परिपत्रक काढून बाकीच्या ग्रामपंचायतींना तोच कित्ता गिरवायला सांगितला. त्यानंतर आमच्या गल्लीतल्या हळदीकुंकवात माझ्या काकीला बोलावणं आलं. ती गेली का? पहिल्या वर्षी नाही गेली. "सगळ्या माझ्याकडंच बघत बसतील" म्हणाली. दुसऱ्या वर्षी गेली, कोपऱ्यात बसली, तिळगूळ घेऊन आली. तिसऱ्या वर्षी तीच कुणाच्या साडीचा पदर कसा होता ते घरी येऊन सांगत होती.

तेव्हा तुम्ही आईंना एकदा सरळ विचारा. "आम्हाला चालतं, तुम्हीच करा" म्हणून बघा. त्यांच्या मनात असेल आणि नुसतं कुणी म्हणायची वाट बघत असतील तर?

---

दगडी_पाटा | 5 ऑगस्ट, सकाळी 6.05

वरील प्रतिसाद आवडला. माझ्या आईला असं कोणी म्हटलं नाही. मीही नाही.

---

माटोळी | 5 ऑगस्ट, सकाळी 11.15

गोव्याहून डोकावतो. आमच्याकडे गौर-महादेव तृतीयेला, म्हणजे चवथीच्या आदल्या दिवशीच पुजतात. त्यामुळे तुमच्या या तीन नक्षत्रांच्या गडबडीत आम्ही नसतो. पण तुमचा फुलोरा वाचून माटोळी आठवली. गणपतीच्या वर लाकडी चौकट टांगतात आणि तिला रानातली फळं, सुपाऱ्यांचे घोस, नारळ, काकड्या, कांगलां, घागऱ्यो बांधतात. कला आणि संस्कृती संचालनालयाची स्पर्धासुद्धा असते, लोक शेकडो प्रकार बांधतात.

सांगायचं हे की आमच्या मूळ घरात अकरा कुटुंबं चवथीला जमतात आणि माटोळीला कुठलं फळ कुठे बांधायचं हे फक्त एका काकांना ठाऊक होतं. ते आजारी पडले त्या वर्षी आम्ही फोनवर व्हिडिओ लावून बांधली. अर्धी पडली, गणपतीच्या शेजारीच. तुमच्या फुलोऱ्याचे फोटो आधीचे असतील तर शोधून ठेवा.

---

आखाजी | 5 ऑगस्ट, दुपारी 12.02

आमची गौराई आखाजीला येते, अक्षय तृतीयेला. जळगाव-धुळ्याकडे भाद्रपदापेक्षा तिचंच कौतुक जास्त. लेकी माहेरी येतात, झाडाला झोके, गाणी, आंब्याचा रस आणि खापरावरचे मांडे. तेव्हा या धाग्यावर माझं काम नुसतं जळण्याचं आहे. सोळा भाज्या कुठल्या ते सांगा कुणीतरी.

---

अंबाडी | 5 ऑगस्ट, दुपारी 2.20

आखाजी, आमच्याकडच्या: लाल भोपळा, दोडका, पडवळ, घोसाळं, भेंडी, गवार, चवळीच्या शेंगा, कारलं, काकडी, सुरण, रताळं, अळू, अंबाडी, शेपू, माठ. या झाल्या पंधरा. सोळावी कुठली ते मला आठवत नाहीये! दरवर्षी मी चिरते आणि आठवत नाहीये. प्रत्येकीची वेगळी भाजी करत नाहीत हं, बऱ्याचशा थोड्या थोड्या घेऊन एकत्रच शिजतात. अंबाडी आणि कढी वेगळी. माझा आयडी कुठून आला ते आता कळलं असेल.

---

बर्फातली_भाकर | 5 ऑगस्ट, रात्री 11.30 (इथे दुपार)

टोरांटोहून. माहेर परभणी. मुखवटे मी 2016 मध्ये केबिन बॅगेत घालून आणले. सुरक्षा तपासणीत बॅग उघडायला लावली. त्या अधिकाऱ्यानं दोन पितळी चेहरे बाहेर काढले, माझ्याकडे पाहिलं, परत चेहऱ्यांकडे पाहिलं आणि अगदी हळूच कापडात गुंडाळून ठेवले.

कोठ्यांऐवजी प्लंबिंगचे पाइप जोडून सांगाडे केले. आत तांदळाच्या दहा पौंडांच्या पिशव्या ठेवते, नाहीतर लवंडतात. साडीसाठी सल्ला: पहिल्या वर्षी रेशमी घेऊ नका, घसरते. सुती नऊवारी किंवा जरा जाड सहावारी घ्या, निऱ्या आधी पलंगावर घालून चिमटे लावून ठेवा, मग उभ्या सांगाड्याला बांधा. हात कागदाचे किंवा कापडाचे असतील तर तेही आधी शिवून घ्या.

आणि काका रागावतील, पण आम्ही शनिवार-रविवारी करतो. नक्षत्राच्या दिवशी घरच्या घरी दोन फुलं वाहते, माणसं सुट्टीच्या दिवशी बोलावते. पितळी मुखवट्यांचं विसर्जन म्हणजे तरी काय, अक्षता टाकायच्या आणि जरा हलवायच्या. मग पुढच्या वर्षीपर्यंत जुन्या ओढणीत.

---

दगडी_पाटा | 6 ऑगस्ट, सकाळी 6.11

रागावत नाही. अनुराधा नक्षत्र टोरांटोत लागलं की नाही ते मला लातुरात बसून दिसत नाही.

---

एक_गोळी_सकाळी | 6 ऑगस्ट, सकाळी 8.30

मी स्त्रीरोग विभागात काम करते. विषय थोडा वेगळा आहे, पण दरवर्षी याच दिवसांत आमच्या ओपीडीत रांग लागते म्हणून लिहिते. "गौरी आहेत, पाळी पुढे ढकलायची गोळी द्या." कित्येक जणी तर थेट औषधाच्या दुकानातून घेतात. मैत्रिणीनं घेतली होती, तिचीच पट्टी. कृपा करून असं करू नका. रक्तात गुठळी झालेली असेल, यकृताचा त्रास असेल, विशिष्ट प्रकारची अर्धशिशी असेल तर या गोळ्या चालत नाहीत. आणि ते दुकानदार विचारत नाही.

अंबाडी, तुम्ही दोघीच सवाष्णी आणि दोघींपैकी एकीची तारीख आली तर? त्याचाही विचार आताच करून ठेवा. आमच्या घरी सासूबाईंनी यावर तोडगा काढला: "मला सांगू नका." त्या विचारत नाहीत, आम्ही सांगत नाही.

---

खवट_खोबरं | 6 ऑगस्ट, सकाळी 9.00

म्हणजे विधवेनं हात लावायचा नाही, पाळी आलेलीनं लावायचा नाही, पुरुषानं लावायचा नाही. मग लावायचा कोणी? तरी मी म्हणत होतो, कपाट.

---

पंचगंगेकाठी | 6 ऑगस्ट, सकाळी 9.26

यंदा पहिल्यांदाच तुमचं काहीतरी पटलं, खोबरं. कपाट सोडून.

---

कोऱ्या_चहाची_किटली | 6 ऑगस्ट, दुपारी 4.10

अंबाडी, खड्याच्या गौरींचा विचार केलात का? आम्ही रत्नागिरीचे. पाच किंवा सात खडे नदीवरून नाहीतर विहिरीपासून आणायचे, आणताना बोलायचं नाही, ताम्हनात ठेवून पूजा. घावन-घाटल्याचा नैवेद्य. गौर आणणाऱ्या मुलीच्या पायांवर दारात पाणी घालतात, घरभर पावलं काढतात. "गौर आली, गौर आली, कशाच्या पावलांनी आली? सोन्याच्या पावलांनी आली" हे म्हणायचं आणि संपलं. स्वयंपाक दोन तासांत आटपतो.

कहाणीतली गौर म्हातारीच्या रूपानं गरीब ब्राह्मणाच्या घरी जाते, तिथे तरी कुठे सोळा भाज्या होत्या? घरात कण्यांच्या पेजेची मारामार. ती काय मागते, तर घावन-घाटलं आणि खीर. दूध कुठून आणू विचारल्यावर म्हणते, जेवढ्या गाई-म्हशी हव्यात तेवढे खुंट पूर.

---

दगडी_पाटा | 6 ऑगस्ट, रात्री 8.45

कुळाचार असा बदलत नसतात. पिढ्यान्‌पिढ्या उभ्या असलेल्यांना एकदम खडे करायचं?

---

कोऱ्या_चहाची_किटली | 6 ऑगस्ट, रात्री 9.02

काका, आमच्या पणजीच्या माहेरी उभ्या होत्या असं ऐकलंय. कोणीतरी कधीतरी बदललंच की.

---

दगडी_पाटा | 6 ऑगस्ट, रात्री 9.10

ते तुमच्या पणजीनं केलं. तिचा अधिकार मोठा.

---

सुपातली_मी | 6 ऑगस्ट, रात्री 9.14

आणि आमच्याकडे दुसऱ्या दिवशी वडे-सागुती असते, गणपतीपुढे पडदा ओढून. हे मी मुद्दाम आता लिहितेय म्हणजे खड्यांवरून चाललेलं भांडण थांबेल.

(पुढची चौदा प्रतिसादांची मटणचर्चा वेगळ्या धाग्यावर हलवली आहे. — व्यवस्थापक)

---

अंबाडी | 17 ऑगस्ट, रात्री 10.05

ठरलं. अमरावतीलाच करायचं, सगळ्यांनी मिळून. 29 तारखेच्या रात्रीच्या ट्रॅव्हल्सची तिकिटं काढली. पानं पन्नासऐवजी वीस, हे आईंनी स्वतःच सुचवलं.

पंचगंगेकाठी, तुम्ही म्हणालात तसं विचारलं मी. "आई, आम्हाला कुणालाच काही वाटणार नाही, तुम्हीच उभ्या करा." पलीकडे बराच वेळ शांतता. मग म्हणाल्या, "डाळ इथं महाग झाली, पुण्याहून आणजो."

---

अंबाडी | 5 सप्टेंबर, रात्री 11.40

परत आले. झोप भरून निघाल्यावर लिहितेय.

शनिवारी सकाळी माळ्यावरून पेटी काढली. मुखवटे चिंचेनं घासायचं काम माझ्या नऊ वर्षांच्या लेकीला दिलं. पेटीच्या तळाशी एक वही निघाली. आईंची. 1983 पासून दर वर्षाचं एक पान. किती डाळ, किती गूळ, किती माणसं, साड्या कुणी दिल्या, कोण आलं नाही. 1999 च्या पानावर फक्त "तुपात फसवलं" एवढंच. माझ्या लग्नाच्या पुढच्या वर्षाच्या पानावर "लहानी चांगलं चिरते." चौदा वर्षांत तोंडावर कधी म्हणाल्या नाहीत!

सोळावी भाजी त्या वहीत सापडली. मेथी. इतकी साधी.

रविवारी साड्या नेसवायला मी आणि वहिनी (म्हणजे जाऊबाई) बसलो ते दीड तास. भाकरताई, तुमचे चिमटे फार कामी आले. ज्येष्ठेची साडी चौथ्या वेळी टिकली. कनिष्ठा शेवटपर्यंत जरा कलती राहिली, जणू पिल्लाशी काही बोलायला वाकलीय. आई समोरच खुर्चीत बसून होत्या आणि एक अक्षर बोलल्या नाहीत. मी आपली वाट बघतेय, आता उठतील, आता "सरक" म्हणतील. तुम्ही सगळ्यांनी एवढं लिहिलं होतं, माझ्याही डोक्यात तेच चित्र होतं. नाही उठल्या.

संध्याकाळी वहिनींना राहवलं नाही. त्या म्हणाल्या, आई, निदान मुखवटे तुमच्या हातानं चढवा, आम्ही असलं काही मानत नाही. तर आई जरा चिडल्याच. "काऊन मागे लागून राहिल्या दोघी? बेचाळीस वर्षं केलं मी. पहाटे तीनला उठून ओल्या लुगड्यात चुलीपुढे बसली. गुडघे गेले त्यात. आता सुटली म्हणजे सुटली. हे गेले, त्याचं एवढं तरी होऊ द्या न मले."

आम्ही दोघी एकमेकींकडे बघत राहिलो. एवढा धागा लिहिला मी, पण त्या थकल्या असतील हे माझ्या डोक्यातच आलं नव्हतं.

मुखवटे वहिनींनी चढवले. पुरण दोघा भावांनी वाटलं (हिशोबनीस, दंड भरून आले, फोटो आहेत). पोळ्या निम्म्या फुटल्या. सोमवारी पहिल्या पंगतीला आईंना बसवलं, पुरुष वाढायला. दीर तूप घेऊन उभे. आई जेवता जेवता म्हणाल्या, गरम पोळी या घरात मी पहिल्यांदाच खातेय. मग आंबील चाखली आणि म्हणाल्या, पातळ झाली.

संध्याकाळी हळदीकुंकवाला शेजारच्या बायका आल्या, तेव्हा मात्र त्या मागच्या खोलीत जाऊन पडल्या. बोलवायला गेले तर डोळे मिटलेले. त्यात थकवा किती आणि दुसरं काय किती, मला कळलं नाही. एक_गोळी, तुमच्या सासूबाईंसारखं मीही विचारलं नाही.

मुखवटे अमरावतीतच ठेवले. वही मी घेऊन आलेय, यंदाचं पान भरायला.

---

पंचगंगेकाठी | 6 सप्टेंबर, सकाळी 7.50

अगं बाई. आणि मी हेरवाडचा ठराव घेऊन आले होते त्यांना सोडवायला. त्या आधीच सुटून बसलेल्या.

---

एक_गोळी_सकाळी | 6 सप्टेंबर, सकाळी 8.12

गुडघे मात्र दाखवून घ्या. ओल्या लुगड्याचा त्यात दोष किती ते सांगता येणार नाही, पण जमिनीवर बसून कामं करणं आता बंद. पुढच्या वर्षीही खुर्चीच.

---

दगडी_पाटा | 6 सप्टेंबर, सकाळी 8.15

ताई, वाचून आमच्या मंडळींना दाखवलं. त्या म्हणाल्या, "मग मला कधी सोडवताय?" उत्तर दिलेलं नाही. पुरणयंत्र कुठल्या मापाचं घ्यावं ते हिशोबनीस यांनी कळवावं.

---

हिशोबनीस | 6 सप्टेंबर, सकाळी 8.31

काका, पितळी घ्या, मोठ्या तोंडाचं. आणि पाय ओट्याला घट्ट बसतात का ते दुकानातच बघून घ्या.

---

आखाजी | 6 सप्टेंबर, सकाळी 10.20

आंबील पातळ का झाली पण?

---

अंबाडी | 6 सप्टेंबर, दुपारी 1.05

ज्वारीच्या कण्या आदल्या रात्री ताकात भिजवायच्या होत्या, आम्ही सकाळी भिजवल्या. वहीत लिहिलेलं होतं, 1991 च्या पानावर. त्या वर्षी त्यांचीही पातळच झाली होती.